बाबूरावाच्या सायकलवरचा दिवा

मित्रांनो, मी सायकलचा एक जुना दिवा आहे. सध्या बाबूरावाच्या सायकलवर बसलोय, पण मी बाबूरावाचा नाही. हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर तुम्हीही कोर्टासारखंच काहीतरी समजून बसाल.

जन्म माझा लुधियानाचा. माझ्या पाठीला डायनामो, दोघं एकाच पट्टीवर. इंदूरला सियागंजातल्या एका दुकानात मी धूळ खात पडलो होतो. माझे मालक लक्ष्मीकांत. ते मिलमध्ये कायम झाले त्या आठवड्यात त्यांनी मला घरी आणलं. काय लाड केले हो माझे! रोज काच पुसायचे. त्यांची बायको सुलोचना म्हणायची, "माझ्याकडे कधी इतक्या प्रेमानं बघितलंत का?"

बाबूराव त्यांचा जिगरी दोस्त, त्याच मिलमधला. त्याच्या सायकलला दिवाच नव्हता. मालक सांगून सांगून थकले, "बाबूराव, लावून घे रे एखादा." तो हसायचा. "अरे भिया, तुझा आहे ना! अपन बाजूबाजूनं चालू." आणि खरंच, कितीतरी वर्षं तो माझ्याच उजेडात घरी गेला.

मग मिल बंद पडली. फाटकाला कुलूप, पोटावर पाय. शहरात मात्र नव्या मोटारी आल्या, नवे ट्रक आले. दोघं पोलोग्राउंडच्या एका कारखान्यात मिळेल तसं काम करू लागले. एका संध्याकाळी तिथून परतताना चुकीच्या बाजूनं ट्रक आला. मी पेटलेलो होतो, मित्रांनो. चांगला लख्ख पेटलेलो होतो!

मालक जागीच गेले. पट्टी तुटून मी गटाराच्या कडेला पडलो. बाबूराव अगदी लहान मुलासारखा रडला, ते रडणं खोटं नव्हतं. पोलीस यायच्या आधी त्यानं मला उचलून पिशवीत ठेवलं. "वहिनींना देईन," म्हणाला.

दिलं नाही. सुलोचनाबाईंनी नुकसानभरपाईचा दावा लावला. मुलगी अमिता कॉलेजात होती. तिचं शिक्षण आणि डोक्यावरचं छप्पर, सगळं त्या भरपाईवर अडलेलं. ट्रकवाल्यांचं म्हणणं एकच, सायकलला दिवा नव्हता, माणूस अंधारात आडवा आला. तसं ठरलं तर चूक मालकांची आणि भरपाईला कात्री. डोळ्यांनी पाहणारा एकटा बाबूराव. तो घरी येऊन चहा प्यायचा आणि म्हणायचा, "वहिनी, मी आहे ना. टेन्शन नका घेऊ." मी तेव्हा त्याच्या पायाशी पिशवीतच होतो. तिच्याच घरात!

पुढे ट्रकमालकानं त्याला गोदामावर चौकीदार म्हणून ठेवलं. मग ते चहाला येणंही बंद झालं. मला खरं तर त्यानं नाल्यात फेकायला हवं होतं. पण मिलचा माणूस, चालती वस्तू फेकायला हात होईना. मला नवी पट्टी ठोकली आणि आपल्या सायकलवर बसवलं.

साक्षीच्या दिवशी त्यानं सायकल कोर्टाच्या उघड्या खिडकीखाली टेकवली. सगळं मला ऐकू येत होतं.

"सायकलला दिवा होता?" ट्रकवाल्यांच्या वकिलानं विचारलं.

"नव्हता, साहेब. मी कितीदा म्हटलं, लावून घे. ऐकतच नव्हता तो."

अरे, काय हे! दिवा नव्हता म्हणालास, तिथंच थांबायचं होतंस ना. मेलेल्या दोस्ताचे शब्दसुद्धा स्वतःच्या नावावर केलेस? असा केसानं गळा कापलेला मी कधी पाहिला नव्हता.

सुलोचनाबाई अमिताला घेऊन बाहेर आल्या आणि मला पाहून जागच्या जागी उभ्या राहिल्या. त्यांनी आपल्या वकिलाला हाका मारल्या. "वकीलसाहेब, हा बघा! हा यांचाच दिवा आहे!"

वकील हळू आवाजात म्हणाला, "सगळे दिवे एकसारखेच असतात, बाई. त्यावर काय नाव लिहिलंय?"

तेवढ्यात बाबूराव बाहेर आला, तशा त्या त्याच्याकडे वळल्या. "भाऊजी, कोर्टात बोललात ते बोललात. आता इथं कुणी लिहून घेत नाही. मला तेवढं सांगा, हा कुणाचा?"

बाबूरावाची मान खाली. सायकलचं कुलूप काढत तो पुटपुटला, "ऐसे बहोत मिलते बाजारात, वहिनी."

तो सायकलवर बसला, चाक फिरलं आणि मी पेटलो. मी काय करणार? चाक फिरलं की मला पेटावंच लागतं. बाईंच्या डोळ्यांदेखत मी त्याला रस्ता दाखवत निघालो. इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

निकालात अर्धी चूक मालकांची धरली आणि भरपाई निम्मी झाली. अमितानं कॉलेज सोडलं. भंवरकुआंला कोचिंगच्या ऑफिसात ती आता दुसऱ्यांच्या मुलांचे प्रवेश लिहून घेते.

मित्रांनो, दिव्याची काच पुसत जा, वायर तपासत जा, हे तर मी सांगेनच. पण त्याहून मोठी एक विनंती आहे. उद्या कुणी तुम्हाला विचारलं, दिवा होता का, आणि तो तुम्ही पाहिलेला असला, तर होता म्हणा. मला तोंड नाही. तुम्हाला आहे.