माझ्या पाठीवरच्या होड्या

मला इंजिन नाही, स्टिअरिंग नाही, साधा हॉर्नसुद्धा नाही. मी एक जुना, दोन चाकांचा ट्रेलर आहे. कुणी पुढून ओढल्याशिवाय मला हातभरही सरकता येत नाही. तरीही मित्रांनो, मी आयुष्यात पुष्कळ रस्ता पाहिला आहे. फक्त तो सगळा जीपच्या मागून पाहिला, एवढेच.

माझा जन्म एका वेल्डरच्या शेडमध्ये झाला. मोडीत निघालेल्या गाडीचा आस, नव्या लोखंडी पट्ट्या आणि मधोमध रबरी गाद्या, असा माझा देह जुळवला. मला बनवून घेतले ते होड्या बांधणाऱ्या एका सुताराने. कुणाशीही बोलताना त्यांचा हात जवळच्या फळीवर फिरत राहायचा, म्हणून सारे त्यांना फळीमास्तर म्हणत. त्यांचे वर्कशॉप चढावर आणि तळे खाली उताराच्या टोकाला. तोवर प्रत्येक होडी माणसे गोळा करून खांद्यावरून न्यावी लागे.

मला पाहताच मास्तर खूश झाले. जीपला जोडून लगेच निघायच्या बेतात होते, तेवढ्यात त्यांची लेक आडवी आली. तीही त्यांच्याच हाताखाली होड्या बांधायची.

"बाबा, याची नोंदणी?"

"अगं, याला इंजिन तरी आहे का? ढकलगाडीची कधी कुणी नोंदणी करतं?"

"ढकलगाडी जीपच्या वेगानं पळत नाही. रस्त्यावर न्यायचा तर नंबर हवा, दिवे हवेत, साखळ्या हव्यात. कायदा आहे तसा."

"कायद्यानं कधी होडी बांधलीय का?"

"नाही बांधली. पण रस्ता त्याचाच आहे ना!"

मास्तर पुटपुटत कामाला लागले. मग मला मागे दिवे लागले, कडेला चमकणाऱ्या पट्ट्या लागल्या, मी किती वजन वाहू शकतो ते अंगावर रंगवले गेले. तपासणीला गेलो तेव्हा तिथल्या अधिकारी बाई चष्मा कपाळावर चढवून माझ्याभोवती फिरल्या.

"दिवे छान आहेत," त्या म्हणाल्या, "पण होडी चढवल्यावर ते दिसणार कुणाला?"

खरेच की! होडीचे शेपूट माझ्या मागे बरेच बाहेर येई आणि सगळे दिवे झाकून टाकी. बापलेकीने एकमेकांकडे पाहिले. आल्या पावली परत जाऊन त्यांनी एक लांब फळी तयार केली, तिच्यावर दिवे बसवले आणि ती होडीच्या टोकाला बांधायची सोय केली. वर लाल फडके. मग कुठे मी पास झालो. माझ्या दांड्यावर ठोकून नंबर उमटवला गेला. तोवर मी नुसते लोखंड होतो. त्या दिवशी मी कुणाचा तरी झालो.

काय दिवस होते ते, मित्रांनो! ताज्या रंगाचा वास माझ्या अंगात मुरला होता. निळ्या होड्या, पिवळ्या होड्या, कोळ्यांच्या रुंद होड्या, हौशी लोकांच्या निमुळत्या होड्या. निघण्याआधी लेक माझ्यामागे उभी राही आणि मास्तर जीपमध्ये बसून ब्रेक दाबत.

"लाल?" ते आतून ओरडत.

"लाल!"

"डावा?"

"लुकलुकतोय!"

"उजवा?"

"तोही! चला आता, गाव जागं केलंत!"

समोरचा न्हावी गिऱ्हाइकाच्या गालावर वस्तरा धरून हसायचा. मास्तरांना हे सारे थोतांड वाटे, पण लेकीपुढे त्यांचे काही चालत नसे. सर्वांत जास्त वैताग त्यांना साखळ्यांचा. जीपच्या मागे एक लोखंडी गोळा होता, त्यावर माझे तोंड बसे आणि वरून खिट्टी लागे. "एवढं घट्ट बसल्यावर खालून साखळ्या कशाला?" ते विचारत. लेक खाली वाकून दोन्ही साखळ्या एकमेकींवरून तिरक्या घेई आणि अडकवून टाकी.

एके सकाळी मोठी होडी न्यायची होती. गिऱ्हाईक तळ्यावर ताटकळत होते आणि मास्तर घाईत होते. त्यांनी माझे तोंड गोळ्यावर टाकले, पण खिट्टी लावायची राहून गेली. लेक शेजारी बसली आणि आम्ही निघालो. उतार सुरू झाला. खाली धक्क्यावर बायका जाळी विणत बसल्या होत्या, बाजूला त्यांची पोरे खेळत होती. एका खड्ड्यात जीप आपटली आणि माझे तोंड गोळ्यावरून उडाले.

मित्रांनो, त्या क्षणी मी कुणाचाच राहिलो नाही. पाठीवर एवढे ओझे, समोर उतार, आणि मला ना ब्रेक ना वाचा. माझा दांडा रस्त्यावर आपटणार, तोच तिरक्या साखळ्यांनी त्याला झोळीसारखे झेलले. साखळ्या ताणल्या, करकरल्या, पण तुटल्या नाहीत. मी जीपला धडका देत, फरफटत तिच्या मागोमाग आलो आणि जीप थांबली तसा थांबलो. धक्क्यावरच्या बायकांनी नुसती मान वर करून पाहिले आणि पुन्हा जाळ्यात डोके घातले. त्यांना काही कळलेही नाही.

मास्तर खाली उतरले. खिट्टी मोकळी लोंबत होती. त्यांनी खालच्या पोरांकडे पाहिले आणि रस्त्याच्या कडेला मटकन बसले. 

"पोरी," ते म्हणाले, "आजही लावल्या होत्यास?"

"रोजच लावते, बाबा."

तेव्हापासून माणूस पार बदलला. कुणी मला उसना मागायला आले की मास्तर त्याचीच तपासणी घेत. परवाना आहे का? तुझी गाडी एवढं वजन ओढते का? दिव्याची वायर जोडता येते का? न्हावी त्यांना साखळीमास्तर म्हणू लागला. ते चिडत नसत.

पुढे कारखान्यातल्या फायबरच्या होड्या आल्या. त्या मोठ्या लॉऱ्यांतून थेट तळ्यावर उतरत. मास्तरांचे हात थरथरू लागले. लेकीने सुतारकाम शिकवायची नोकरी धरली. मी वर्कशॉपच्या मागे गवतात उभा राहिलो. टायर बसले, वायर उंदराने कुरतडली, नंबरावर गंज चढला. पाऊस आला की माझ्यात पाणी साचे आणि चिमण्या अंघोळ करत. तेवढीच काय ती सोबत. मास्तर आत एक छोटीशी होडी बांधत बसत, हळूहळू, कुणासाठीच नसलेली. त्यांचा रंधा ऐकू आला की मला बरे वाटे.

एके दिवशी तो आवाज थांबला. होडी पुरी झाली होती. लेक गवत तुडवत माझ्यापाशी आली. तिने नवे टायर घातले, चाकांत ग्रीस भरले, वायर बदलली आणि मला पुन्हा तपासणीला नेऊन आणले. होडी चढली तशी मास्तरांनी हट्ट धरला.

"मी होडीतच बसून येणार."

"ओढत्या ट्रेलरवर माणूस बसवता येत नाही, बाबा. तुम्हीच लोकांना सांगत होतात."

"ते लोकांना!"

पण जीपमध्ये पुढे जाऊन बसले. सबंध रस्ताभर बाजूच्या आरशातून ते मागे पाहत होते.

तळ्यावर लेकीने मला सावकाश पाण्यात उतरवले. चाके बुडाली आणि होडी माझ्या पाठीवरून अलगद उठली. मास्तर तिच्यात बसले, थोडे वल्हवले, वळले, परत आले.

"कशी आहे?" लेकीने विचारले.

मास्तरांनी कडेच्या फळीवर हात फिरवला. "डावीकडे कलतेय जरा. घरी न्यायला हवी. तासून परत आणून बघू."

मी पाण्यातच उभा होतो, मित्रांनो. सगळे नीट दिसत होते. होडी तसूभरही कलत नव्हती.

लेकीने होडीकडे पाहिले, मग बाबांकडे. "हो बाबा," ती म्हणाली, "कलतेय खरी."

तेव्हापासून आमच्या फेऱ्या चालू आहेत. होडी घरी येते, मास्तर कुठेतरी थोडे तासतात, आम्ही पुन्हा जातो. ती अजून त्यांच्या मनासारखी झालेली नाही. तुमच्याही घरामागे गवतात कुणी उभे असेल, तर एकदा जाऊन बघा. हवा भरा, गंज पुसा, आणि जे काही काम असेल ते सांगा. आम्हाला हाक मारता येत नाही.