दहापैकी दोन

नर्स दारात दिसली की मिस्त्री दुखणं गुंडाळून पाहुणचाराला लागायचे, आणि त्यांच्या बायकोच्या, माईंच्या तळपायाची आग मस्तकात जायची.

"या सिस्टर, बसा. अगं, पंखा लाव की सिस्टरना!"

रात्रभर उशी दातांत धरून कण्हलेला हा माणूस. रोग हाडांपर्यंत पोचलेला, डॉक्टरांनी हात टेकलेले, म्हणून तर घरी आणलेला. आता उरले दिवस निदान न दुखता जावेत, एवढ्याचसाठी ही नर्स रोज सकाळी यायची. खुर्ची ओढायची, मांडीवर फाईल उघडायची आणि विचारायची, "दुखणं दहापैकी किती, मिस्त्री?"

"दोन. फार तर दोन. मजेत आहे मी."

नर्स दोन लिहायची. ती नोंद डॉक्टरांपुढे जायची. डॉक्टर दोन वाचायचे आणि मॉर्फिन होतं तेवढंच ठेवायचे. त्यांचं तरी काय चुकलं? मजेत असलेल्या माणसाचं औषध कोण वाढवतो?

जन्मभर वेल्डिंग केलं, कितीदा भाजले, पण हूं नाही की चूं नाही. कारखान्यात त्याचं केवढं कौतुक! तरणेपणी ते शोभलं. आता सुंभ जळत आलं तरी पीळ काही सुटेना.

त्या दिवशी माईंनी पदर खोचला. "खोटं बोलतात ते! नऊ लिही. दहा झाले असते तर आतापर्यंत सुटले असते."

"आजी, दुखणं त्यांचं आहे, आकडा त्यांनीच सांगायचा. तुमचा आकडा मी त्यांच्या नावावर कसा घालू?"

"संसार कोणी केला यांच्याशी, मी की तू?"

"तुमचं म्हणणं वेगळं लिहिते ना. 'पत्नी म्हणते', असं."

"मग लिही! पत्नी म्हणते, म्हातारा खोटारडा आहे. रात्रभर दातओठ खातो आणि तू आलीस की सासुरवाडीला आलेल्या जावयासारखा हसतो."

मिस्त्री खरोखरच हसत होते. नर्सने मान खाली घालून लिहिलं, अगदी 'खोटारडा'सकट. मग म्हणाली, "पण आजी, मी येते तेव्हा हे धुतलेल्या चादरीवर भांग पाडून पडलेले असतात. जे डोळ्यांनी बघितलं नाही ते मी माझं म्हणून लिहू शकत नाही. कूस बदलताना मला थांबू द्या."

"छे छे," मिस्त्री घाईने म्हणाले. "बाईमाणसासमोर तसलं काही नको."

नर्स गेली आणि माई धुमसत राहिल्या. भांग कोण पाडत होतं? त्याच. नर्स यायच्या आत लेकाला हाताशी धरून कूस बदलायची, अंग पुसायचं, चादर बदलायची. परक्याने या घराची मळकी उशीसुद्धा पाहिलेली नव्हती. म्हणजे म्हाताऱ्याच्या खोट्याला इस्त्री करून देणाऱ्या त्याच! या विचाराने तर त्या आणखीच पेटल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळचं औषध त्यांनी वेळेवर दिलं. त्यात काटछाट करायला त्या काही कसाई नव्हत्या. पण कूस बदलली नाही. अंग पुसलं नाही. चादर ओली झाली होती, ती तशीच ठेवली आणि पलंगाशी स्टूल घेऊन बसल्या.

लेक आला आणि दारातच थबकला. "आई, वास येतोय. सिस्टर येतील आता."

"येऊ दे."

"बाबा ओल्यात पडलेत! कसला सूड उगवतेस?"

"तू तिकडे हो. आणि खिडकीला हात लावू नकोस."

मिस्त्रींना उमगलं. आधी डोळे वटारले, मग नजर वळवली. "बदल गं चादर," ते हळूच म्हणाले. "पाया पडतो तुझ्या."

असला शब्द त्या तोंडून माईंनी उभ्या जन्मात ऐकला नव्हता. दोन्ही हात मांड्यांखाली दाबून त्या तशाच बसून राहिल्या.

नर्स आली. खोलीत पाऊल टाकताच तिला कळलं. फाईल न उघडता तिने पिशवी खाली ठेवली, हातमोजे चढवले.

"राहिलीय का आजी, कूस बदलायची?"

"राहिली नाही. ठेवलीय. तुझ्यासाठी."

"सिस्टर, तुम्ही जरा बाहेर बसा..."

"मिस्त्री, माझं रोजचंच काम आहे हे. चला."

लेकाने खांदा धरला, नर्सने कंबर. वळवलं मात्र, मिस्त्री असे ओरडले की शेजारच्या घरातला रेडिओ बंद झाला. त्यांनी पलंगाची दांडी दोन्ही मुठींत आवळली होती. कोरडी चादर आली, अंग पुसून झालं, तरी थरथर थांबेना.

"आत्ता किती, मिस्त्री?"

"दो..." पुढचं अक्षर काही आलं नाही. नर्स थांबली. तरी आलं नाही.

तिने उभ्यानेच लिहिलं. "काय लिहिलंस, वाच," माई म्हणाल्या.

"'रुग्ण दोन सांगू लागले, शब्द पुरा करता आला नाही. कूस बदलताना ओरडले. दांडी घट्ट धरली. घाम, थरथर. सकाळचं औषध घेतलेलं असूनही.'"

तिने डॉक्टरांना फोन लावला आणि हेच शब्द जसेच्या तसे वाचून दाखवले. डॉक्टरांनी औषध वाढवलं, शिवाय कूस बदलण्याआधी वेगळा डोस सांगितला. पहिला घोट तिने स्वतः मोजून पाजला.

दुपारी मिस्त्री झोपले, तोंड उघडं टाकून, घोरत. रोज आवळलेली मूठ चादरीवर सैल पडली होती. माईंनी ओली चादर पिळून दोरीवर टाकली आणि परत येऊन बसल्या.

जागे झाल्यावर त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. "परक्या बाईसमोर अब्रू घालवलीस माझी."

"घालवली," माई म्हणाल्या. "तुमची गेली, माझीही गेली, या घराची गेली. उद्या पुन्हा दोन म्हणालात तर पुन्हा घालवीन. जग तुम्हाला धीराचा माणूस म्हणतं. कसले धीराचे! भित्रे आहात तुम्ही. एका पोरीला खरं सांगायला घाबरता, आणि कण्हणं ऐकायला तेवढी मी."