जित्या माणसाचा दिवस

साहेब, माणूस नेताना तुम्ही सरकारवाल्यांनी ठकीला विचारलं नाहीत. नेल्यावर सांगितलं नाहीत. आणि तो हरवल्यावर जो कागद धाडलात, त्यात तो मेला असंही लिहिलं नाही न् जिवंत आहे असंही लिहिलं नाही. शेळी हरवली तर गुराखीसुद्धा मालकाच्या दारात येऊन मान खाली घालून उभा राहतो. तुम्हाला तेवढंही जमलं नाही.

ठकीच्या नवऱ्याचं नाव सुका. तो गवताच्या गाठी बांधायला म्हणून पालघरच्या वखारीवर गेला होता. तिथून मुंबईला. मुंबईत फौजेला मजूर पाहिजेत म्हणून त्यानं अंगठा दिला, आणि एकसष्ट साली तुम्ही त्याला बोटीत घालून आफ्रिकेत, काँगो नावाच्या मुलखात नेऊन सोडलंत. तिथं भाऊ भावाला कापत होता, आणि ते थांबवायला इथली पलटण निघाली होती. कुणाची म्हैस न् कुणाला उठबैस. दोन वर्षांनी पाड्यावर पाकीट आलं. मास्तरनं वाचलं, "बेपत्ता."

"म्हंजी काय?" ठकीनं विचारलं.

"म्हणजे त्यांनाही ठाऊक नाही," मास्तर म्हणाला.

त्यालाही तीन वर्षं झाली होती. बोईसरच्या उगवतीला टेकडीच्या उतारावर ठकीची नागलीची, म्हणजे नाचणीची जागा. जंगलातली एकसाली जागा. दर साल अंगठा द्यायचा न् एक साल कसायची. वैशाखाचं ऊन डोक्यावर आलं होतं आणि ठकी न् तिची सासू जिवली रोपासाठी राब भाजत होत्या. पालापाचोळा, शेणी, वाळलं गवत पसरून वर मातीचा हात फिरवलेला. आग खालच्या खाली सरकत होती न् धूर दोघींच्या नाकातोंडात जात होता. त्या धुरातून जंगलखात्याचा नवा गार्ड आला.

जुना गार्ड बरा होता. वर्षाला एक कोंबडी घ्यायचा न् ठकीचाच अंगठा सुकाचा म्हणून उठवून न्यायचा. नवा गार्ड माळकरी निघाला. कोंबडी खाईना न् खोटं लिहीना. अशा माणसापुढं गरिबानं करायचं काय?

"ही जागा सुकाच्या नावावर आहे. सुका कुठाय?"

"तुमच्या सरकारलाच इचारा. त्यानंच नेलाय."

"बाई, अंगठा त्याचा पाहिजे. माणूस नसेल तर मेल्याचा दाखला पाहिजे. दाखला आण, जागा तुझ्या नावावर चढेल. मिरगापर्यंत दोन्हीतलं काहीतरी आण. नाहीतर जागा दुसऱ्याला जाईल."

जिवली हातातली फांदी टेकून उभी राहिली. "माजं पोर मेलं का जितं हाय ते मलाच ठावं नाय, न् तू दाखला मागतोस?"

"म्हातारे, मी नियम सांगतोय."

"तुज्या नियमाला आयस नसल," जिवली म्हणाली न् पुन्हा राब सारखा करायला लागली.

ठकी सांजेला झिपरूबाकडं गेली. झिपरूबा पाड्याचा जाणता, पंचांतला पहिला. पंचांनी दिवस घातला, मेलेल्याला जेवायला हाक मारली, म्हणजे माणूस मेला, हे पाड्याला कळत होतं; पंचांचा तसा कागद कचेरीला चालेल असं दोघांनाही वाटलं.

"पन मढं नाय, साक्ष नाय, दिवस घालू कसा?" झिपरूबा म्हणाला. "उद्या सुका दारात उभा ऱ्हायला तं त्याला भूत म्हनू का?"

"मंग मी काय करू, बाबा? आयस जेवू घालीना न् बास भीक मागू देईना."

झिपरूबानं विडी पेटवली. "बोईसरला सिमिटाच्या गोदामावर एक घाटी पहारेकरी हाय. खंडेराव. तो त्याच मुलखात व्हता सांगतात. त्यानं डोल्यानं बघितलं असल तं साक्ष व्हईल."

दुसऱ्या दिवशी ठकी लाकडाची मोळी घेऊन बोईसरला उतरली. मोळी विकली न् गोदामाच्या फाटकाशी जाऊन बसली. खंडेराव मिशाळ माणूस, खाकी कोट अजून फौजेतलाच. सुकाचं नाव ऐकलं न् त्यानं हातातला चहाचा पेला खाली ठेवला.

"तुमी ठकीवैनी?" तो म्हणाला. "बसा. त्यो लई नाव घ्यायचा तुमचं."

"मेला कां तो, दादा?"

खंडेरावानं आधी तिला चहा मागवला. मग इकडं तिकडं बघून सांगायला लागला.

"तिकडं वैनी, गावंच्या गावं जाळलेली. एका टोळीनं दुसरीची, दुसरीनं पहिलीची. मानसं रानात पळाली, कंदमुळं खाऊन जगली. आमी गेलो तवा सुकाचं काम मढी पुरायचं. रोज दहा, रोज बारा. मग जरा निवळलं, तशी मानसं गावाकडं परतू लागली. घरं कुठं व्हती? नुस्ती राख. एक बाई कारवीसारख्या काटक्या रोवून कूड उभा करत व्हती, वाकडातिकडा. सुकानं बघितलं न् ऱ्हावलं न्हाय त्याला. तिच्या हातातनं काटक्या घेतल्या. म्हनला, ह्या कुडाला वारा बी पाडंल."

ठकीच्या डोळ्यांपुढं सुकाचे हात आले. पाड्यावरचा सगळ्यात सरळ कूड तोच बांधायचा.

"मग रोज सांजचा त्यो तिकडं. एक घर झालं, दोन झाली, घरांची वळ उभी ऱ्हायली. जी मानसं एकमेकांचं तोंड बघत नव्हती, ती त्याला काटक्या द्यायला एका रांगंत उभी. भाषा येत नव्हती त्याला. शिव्या तेवढ्या शिकला."

"न् मंग?"

"पलटन परत निघाली. मोजदाद केली तर एक कमी. मी धावत गेलो. ह्यो छपरावर बसलेला. म्हनलं, सुका, चल, गाडी सुटती. म्हनला, एवढा पेंढा बांधून येतो. आला न्हाय. सायबानं पळाला लिवलं असतं तर वर जबाब द्यावा लागला असता. त्यानं बेपत्ता लिवलं. सोपं."

ठकी कपातल्या चहाकडं बघत होती. "छप्पर कोनाचं व्हतं?"

खंडेरावानं पेल्यातला तळचा चहा फेकून दिला.

"त्याच बाईचं कां?"

"नवरा मारलेला तिचा. तीन पोरं." मग म्हणाला, "वैनी, आता त्यो येत न्हाय. मी सांगतो पंचांला, माझ्या हातानं पुरला म्हनून. फौजंत बिनकामाच्या लई सह्या केल्या. ही एक कामाची करतो."

ठकी सहा कोस चालत घरी आली. वाटेत तिला राग आला, मग हसू आलं, मग पुन्हा राग आला. स्वतःच्या घराच्या छपराचा पाखा कुजून आत पाऊस येत होता तीन सालं, न् हा दर्याच्या पल्याड दुसऱ्याची गावं उभी करत बसला होता. त्या बाईवर मात्र राग धरता येईना. तिचंही घर कुणीतरी जाळलेलंच होतं.

जिवलीला सांगितल्यावर म्हातारी उठून अंगणात गेली, पुन्हा आत आली, पुन्हा अंगणात गेली. "जिता हाय," एवढंच म्हणत राहिली.

"आये, दिवस घालाया लागल."

"जित्या पोराचा? भगत नाव घेऊन जेवाया हाक मारतो गे. मेलेल्यांत जित्याला हाक मारली तं तो खेचला जातो. मी आयस हाय का सटवी?"

"जागा गेली तं आपन दोगी खेचल्या जाऊ."

जिवली दोन दिवस जेवली नाही. तिसऱ्या दिवशी चुलीपुढं बसून म्हणाली, "तो तिकडं परक्याचं घर बांदतो. त्याचं घर ऱ्हावं म्हनून मी त्याला हितं मारते. घाल दिवस. पन भगताच्या कानात नाव मी सांगनार."

दिवस घातला. खंडेराव कोट घालून आला न् पंचांपुढं शपथ घेऊन बोलला, तापानं गेला, माझ्या हातानं माती दिली. बाया रडल्या. झिपरूबाही रडला, सुकानं त्याचं घर बांधून दिलं होतं. ठकीच्या गळ्यातले मणी काढले. भगतानं हाक मारायला नाव विचारलं, तेव्हा जिवली पुढं सरकली न् त्याच्या कानात पुटपुटली. भगतानं चमकून बघितलं. म्हातारीनं डोळे वटारले. भगतानं ते नाव तोंडातल्या तोंडात घेतलं न् पुढं गाऊ लागला.

मागाहून ठकीनं विचारलं, "कोनाचं नाव सांगितलंस?"

"तुज्या सासऱ्याचं. एकदा जेवून गेलाय, दुसऱ्यांदा जेवल. बुढ्याला कदी नको नव्हतंच."

पाच वर्षांत पहिल्यांदा दोघी पोटभर हसल्या, न् हसता हसता जिवलीला रडू फुटलं ते थांबेना.

झिपरूबानं मास्तरकडून पंचांचा कागद लिहून घेतला. सात अंगठे न् खंडेरावची सही. ठकी तो पदरात बांधून कचेरीत गेली. कारकुनानं वाचला न् परत सरकवला.

"हे चालत नाही. फौजेच्या कागदात बेपत्ता आहे. सात वर्षं माणसाची काही खबर आली नाही, तर मग मेला धरतात. अजून चार वर्षं आहेत."

"चार वर्सं जागा ऱ्हाईल?"

"छे. ती मिरगाला जाणार."

"मंग चार वर्सानी मेला तं तो मला काय देल?"

कारकून दुसऱ्या कागदाकडं वळला.

तेव्हा असं झालं. पाड्यात ठकी रांडाव. लग्नाच्या मांडवात कुणी बोलावीना, हळदीला हात लावू देईना. कचेरीत ठकी सवाशीण, नवरा अंगठ्याला येईल म्हणून टांगून ठेवलेली. तिकडं काँगोत घरं जळालेली माणसं आपल्या उंबऱ्याच्या आत झोपत होती, न् इकडं जिनं कुणाशी भांडण केलं नव्हतं तिला ना उंबऱ्याच्या आत जागा ना बाहेर.

ठकीनं राब टाकून दिला नाही. त्यात नागली पेरली. रोप वितीवर आलं, तशी आषाढात दोघी ते उपटून लावायला, आवणीला उतरल्या. चिखल घोट्यांपर्यंत, पाठीवर पानांचं इरलं. दोन वाफे लावून झाले होते तेव्हा माळकरी गार्ड छत्री घेऊन बांधावर आला. कोटाच्या आतून त्यानं कागद काढला न् शाईची डबी.

"बाई, मी मिरगापासून थांबलो. आता थांबता येत नाही. जागा राजीखुशीनं सोडली म्हणून इथं अंगठा दे."

ठकी चिखलातून त्याच्याजवळ आली. हात इरल्याला पुसला, अंगठा पुढं केला न् कागदाच्या वर तसाच धरला.

"कोन म्हनून देऊ?"

"म्हणजे?"

"सुकाची बायको म्हनून दिला तं तुमच्या कागदात नवरा जिता हाय. जागा त्याची. ती सोडनारी मी कोन? तो येल तवा सोडल. न् रांडाव म्हनून दिला तं तो मेला, मंग जागा माज्या नावावर चढव, तूच बोललास वैशाखात. चढव न् मंग माग."

गार्डनं कागद बघितला. छापलेल्या ओळीत नावापुढं मोकळी जागा होती, तिच्याकडं बघितलं. पावसाचा थेंब शाईवर पडून डबीतली शाई पातळ होत होती.

"मी खोटं लिहीत नाही, बाई," तो हळू म्हणाला.

"मी कुटं खोटं लिवाया सांगते? खरं लिव. बायको का रांडाव, येक काय ते लिव. मी अंगठा देते."

जिवली वाफ्यातून म्हणाली, "लिव रं बाबा, आमाला पन कलू दे."

गार्डनं डबीचं झाकण लावलं. कागद घडी करून आत ठेवला. "साहेबाला विचारावं लागेल," तो म्हणाला न् छत्री सावरत उतार उतरून गेला. ठकी वाकली न् तिसऱ्या वाफ्याला लागली.

साहेब, तो तुमच्याकडं आला असेल. कागद तुमच्या टेबलावर आहे, मधली जागा कोरी आहे. तुम्हीच माणूस नेलात, तुम्हीच त्याला मरू दिलं नाहीत न् जगू दिलं नाहीत. नागली पोटऱ्यात आली आहे, कणीस बाहेर पडायला आलंय. आता लिहा, ठकी कोण?