दमयंती नावाची बाई

दमयंती म्हणजे मी. हे आधीच सांगून टाकते, नाहीतर ऐकता ऐकता तुम्हीही आमच्या भावोजींसारखेच विचाराल, कोण ही दमयंती.

माहेरी, हेदवीला, माझ्या आईनं मोठ्या हौसेनं ठेवलेलं नाव ते. बाराव्या वर्षी लग्न होऊन रत्नागिरीला आले, यांनी तांदळाच्या ताटात अंगठीनं 'यमुना' लिहिलं, सगळ्यांना साखर वाटली, की झालं. माणूस मेलं तर सुतक पाळतात आणि बाईचं नाव मेलं तर साखर वाटतात, अशी आपली रीत. वीस वर्षांत सासरी त्या नावानं मला कोणी हाक मारली नाही. खरं सांगू का, मीसुद्धा ते विसरत चालले होते.

विसरले नाहीत ते एकटे आमचे हे. यांचं नाव मी घेत नाही, आग्रह करू नका. बंदरावर कस्टम कचेरीत कारकून होते. पडावांतून, म्हणजे शिडाच्या गलबतांतून, उतरलेला माल मोजायचा, शिक्के मारायचे, साहेबाचं ऐकायचं, संध्याकाळी घरी यायचं. माणूस गरीब स्वभावाचा, पण एक खूळ भारी होतं. मुंबईहून टपालानं एक पातळसं पुस्तक मागवलं आणि एस्परान्टो नावाची भाषा शिकायला बसले. पोलंडातल्या कोणा डोळ्यांच्या डॉक्टरानं ती बनवली म्हणे, सगळ्या जगातल्या माणसांनी एकमेकांशी बोलावं म्हणून. कोणाचीच मायबोली नाही, त्यामुळे कोणी वरचढ नाही नि कोणी खालचा नाही. सासूबाई म्हणाल्या, कोणाचीच नाही तर मग बोलायची कोणाशी मेली. सासूबाईंची जीभ तिखट, पण बरोबर तेच बोलल्या.

हे त्या भाषेत गोष्टी लिहायला लागले. बंदरावरचे खलाशी, मासळी विकणाऱ्या बाया, आमच्या सासूबाई, सगळे त्यात. तिकडे हंगेरीत एक मासिक निघायचं, त्यात त्या छापून येत. सरकारी नोकर परक्या मुलखात लिहितो हे साहेबाला कळलं तर पंचाईत, म्हणून दुसरं नाव हवं होतं. मला जवळ बसवून म्हणाले, "तुझं माहेरचं नाव इथं कोणी वापरत नाही, वाया जातंय. तिकडं तरी चालू दे." तेव्हापासून गोष्टीखाली छापायला लागले: दमयंती, रत्नागिरी. एवढंच. मला त्यातलं अक्षर वाचता येत नव्हतं, तरी त्या नावावरून बोट फिरवताना बरं वाटायचं.

पण बोलायचं कोणाशी, ते राहिलंच. हिंदुस्थानात ती भाषा येणारे असतील चार-दोन, रत्नागिरीत हे एकटे. अकरा वर्षं लिहिलं, आणि दुसऱ्या माणसाच्या तोंडून त्यातला एक शब्द ऐकला नाही. गोठ्यात गाईशी बोलायचे, विहिरीवर आंघोळ करताना बोलायचे. आळीतले हसायचे. मला हसू यायचं नाही. एकदा मला म्हणाले, "अगो, मी बोलतो ती भाषा आहे की नुसता आवाज, हेच मला कळत नाही. एकदा कोणी समोर बसावं. मी काहीतरी म्हणावं आणि त्यानं उत्तर द्यावं. एकदाच." दुसरं काही मागितलं नाही हो त्या माणसानं जन्मात.

मग छातीचं दुखणं लागलं. डॉक्टरांनी क्षय सांगितला आणि यांची खाट मागच्या पडवीत गेली. तेहतीस सालचा वैशाख. पाऊस लागला की बोटी बंद, म्हणून बंदरावर माणसांची नुसती झुंबड. त्या दिवशी दुपारी हे औषधाच्या गुंगीत झोपलेले, मी परसात आंबापोळीची ताटं उन्हात सरकवत होते. पुढं ओटीवर भावोजी, म्हणजे यांचे थोरले बंधू, सुपारी कातरत बसले होते.

तेव्हा काय झालं ते मला संध्याकाळी कळलं. पानं मांडली होती, मी भात वाढत होते, आणि भावोजी सासूबाईंना गंमत सांगावी तसं सांगत होते. दुपारी एक गोरा आला होता. दोन दिवस डाक बंगल्यात उतरलाय आणि दारोदार फिरून एका बाईची चौकशी करतोय. बाई म्हणे गोष्टी लिहिते. भावोजींनी त्याला शहाळं दिलं, म्हणजे भांडं विटाळायचा प्रश्न नाही, आणि आपल्या मोडक्या इंग्रजीत बजावलं की या आळीतल्या घरंदाज बायका असलं काही करत नाहीत. कोटाला हिरवी चांदणी लावलेली होती, बहुतेक मुसलमान झालेला असावा, असाही अंदाज त्यांनी बांधला होता.

"आणि बाईचं नाव काय, तर दमयंती," भावोजी म्हणाले. "म्हटलं, नो दमयंती. अख्ख्या रत्नागिरीत नाही."

हिरवी चांदणी यांच्याही कोटाला होती, ती भाषा बोलणाऱ्यांची खूण. मी शिवलेली, खिशाच्या आतल्या बाजूला, साहेबाला दिसू नये म्हणून. काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात. इथं कळसा परसात आंबापोळ्या वाळवत होता आणि घरातल्यांनाच त्याचं नाव माहीत नव्हतं. माझ्या हातातला भात पानात पडायचा तो जमिनीवर पडला.

"भावोजी, दमयंती म्हणजे मी," मी म्हटलं.

त्यांच्यासमोर मी कधी मान वर करून बोलले नव्हते. लग्नात तांदळाचं ताट त्यांनीच धरलं होतं, पण त्याआधीचं माझं नाव काय होतं हे लक्षात ठेवायचं कारण काय त्यांना? पडवीतून यांचा आवाज आला. सगळं ऐकलं होतं. तो अजून आहे का, एवढंच विचारत होते, पुन्हा पुन्हा. भावोजी अडखळत म्हणाले, दिवेलागणीच्या बोटीनं गोव्याला जाणार होता.

मी तशीच निघाले. पायात काही नाही, हात खरकटा, पदर कुठं नि मी कुठं. आमच्या आळीतली बाई दिवेलागणीला एकटी बंदरावर पळत गेली, याची चर्चा पुढं वर्षभर पुरली लोकांना. पुरू दे शिंच्यांना. धक्क्यावर लवू तांडेल होता, यांच्या कचेरीची होडी चालवणारा, ओळखीचा. त्याला म्हटलं, मला बोटीवर ने. तो म्हणाला, "वैनी, बोट सुटली. तो बगा धूर." मी म्हटलं, तरी होडी काढ. त्यानं माझ्या तोंडाकडे बघितलं आणि काही न विचारता होडी काढली. देव त्याचं भलं करो.

तो दम लागेपर्यंत वल्हवत होता. बोट लहान लहान होत चालली होती. मी होडीत उभी राहिले आणि ओरडले, मी दमयंती, मी दमयंती. घसा फुटेस्तोवर ओरडले. सगळ्या बंदरानं ऐकलं, ज्यानं ऐकायचं तो सोडून. मग लवूनंच मला हात धरून खाली बसवलं आणि होडी वळवली.

घरी आले तर हे खाटेवर उठून बसलेले. धोतर बदललेलं, अंगात कोट, डोक्यावर टोपी, आणि चांदणी उसवून कोटावर बाहेर लावलेली, टाचणीनं. जाऊबाईंकडून सगळं मागून घेतलं होतं. माझ्यामागे दाराकडे बघत होते. मी एकटीच आत आले तेव्हा त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. ते मला आजही बघवत नाही.

भावोजी पायाशी येऊन बसले. यांनी रागाचा एक शब्द काढला नाही, नुसतं विचारत राहिले. आवाज कसा होता त्याचा? भरभर बोलत होता की सावकाश? भावोजी म्हणाले, माझ्याशी इंग्रजीच बोलला, पण पायरी उतरताना हात जोडून वेगळंच काहीतरी म्हणाला. काय म्हणाला, यांनी विचारलं. भावोजींना सांगता येईना. दोनदा, तीनदा विचारलं. शेवटी भावोजी रडायलाच लागले, म्हणाले, "अरे, मला ठाऊक असतं तर कान देऊन ऐकलं नसतं का?" त्यांचा मला तोवर संताप संताप येत होता. त्या क्षणापासून येईनासा झाला, आणि मग राग काढायलाही कोणी उरलं नाही.

त्यानंतर हे आठवडाभरच होते. आधी निदान वाट बघायचे, आता तीही संपली. जेवण तुटलं, बोलणं तुटलं. मला काही सुचेना. एक दिवस सकाळी त्यांच्या उशाशी बसले आणि म्हटलं, मला शिकवा, मी बोलते तुमच्याशी. त्यांनी थकल्या आवाजात एक वाक्य सांगितलं. बरं आहे ना, इतकाच त्याचा अर्थ. मी दिवसभर घोकलं. धुणं धुताना, दळताना, वाती वळताना, देवाच्या स्तोत्रासारखं. संध्याकाळी त्यांच्यासमोर बसले आणि ते वाक्य म्हटलं, स्वच्छ, एकही अक्षर न चुकता.

त्यांनी डोळे मिटून ऐकलं. परत म्हण, म्हणाले. मी परत म्हटलं. त्यांनी माझा हात हातात घेतला.

"छान म्हणालीस गो," ते म्हणाले. "पण हे माझंच आहे."

मग त्यांनी त्या भाषेत मला काहीतरी विचारलं. बरंच लांब होतं, आणि शेवटी माझं नाव होतं, आईनं ठेवलेलं. विचारून झाल्यावर ते माझ्याकडे बघत राहिले. मला एकच वाक्य येत होतं, तेच मी पुन्हा म्हटलं.