सूचकाचं मत

"अण्णा, तुमचं एक मत तरी मज पडलं हो!" त्रिपुरसुंदरी दारातूनच म्हणाली आणि वैद्यनाथानं हातातला फिल्टर कापीचा पेला खाली ठेवला.

कुंभकोणम महापालिकेचा निकाल कालच लागला होता. ही बाई वीस वर्षं एकाच पक्षासाठी राबली, गल्लीत नळ आणला तोही तिनंच. तिकीट मात्र मिळालं महिन्यापूर्वी दुसऱ्या पक्षातून उडी मारून आलेल्या विजयराघवाला. मग ती अपक्ष उभी राहिली. तिच्या अर्जावर सूचक म्हणून सही वैद्यनाथाची, तीही छाती पुढे काढून केलेली! गल्लीतल्या झाडून साऱ्या मराठी घरांनी तिला कुंकू लावलं, "मत तुम्हासच, अक्का" म्हणून शब्द दिला. आणि गल्लीच्या बूथवर तिला मतं किती? एक! तिचं स्वतःचं नाव शेजारच्या वॉर्डाच्या यादीत, तेव्हा ते तिचंही नव्हे.

"सही करणारा फिरेल कसा? मी सगळ्यांस सांगितलं, ते एक आमच्या अण्णांचं," असं म्हणताना तिचे डोळे भरून आले.

वैद्यनाथाची मान वर होईना. मतदानाच्या आदल्या दिवशी विजयराघव दिव्यांसाठी नावाजलेल्या नाचियार्कोविल गावचा हातभर उंच पितळी दिवा घेऊन आला होता. दिवा पेटवून त्यानं ज्योतीवर मत आपल्यालाच देण्याची शपथ घ्यायला लावली आणि जाताजाता वैद्यनाथाच्या कापीपुडीच्या दुकानाच्या परवान्याची चौकशी केली. झालं! एवढ्यानंच या शूराचं पाणी पाणी झालं. "दोघांची मतं तिकडेच," त्यानं बायकोला, अलमेलूला, बजावलं होतं. बटण दाबताना आपला हात जरासुद्धा अडखळला नाही, याचीच आता त्याला जास्त लाज वाटत होती.

सांगून टाकावं एकदाचं, म्हणून त्यानं तोंड उघडलं.

"ह्यांचंच ते, अक्का," स्वयंपाकघराच्या दारातून अलमेलू म्हणाली. "दुसरं कोणाचं असणार?"

त्यानं तिच्याकडे पाहिलं आणि ते मत कोणाचं ते त्याला कळलं. उघडलेलं तोंड त्यानं मिटलं. त्रिपुरसुंदरी कापी पिऊन, दोनदा हात जोडून गेली. तिच्यासमोर तो नुसता मान डोलवत राहिला, मेल्याहून मेल्यासारखा.

ती गेल्यावर अलमेलूनं कोपऱ्यातला दिवा पुसून त्याच्यासमोर ठेवला.

"हा परत देऊन या."

"अंधार पडू दे ग."

"आत्ता."

त्यानं मुकाट्यानं चपला घातल्या. दिवा पिशवीत घालायला गेला, तर तिनं पिशवी काढून घेतली.