खोलीची शांतता

आमची धाकटी डॉक्युमेंटरी फिल्म बनवते. स्वतःच शूट करते, स्वतःच कापते, स्वतःच जोडते. वर कुणी साहेब नाही, म्हणून ऐकायचंही कुणाचं नाही. आत्ताची फिल्म आमच्या बाबांवर. बाबा वेताच्या खुर्च्या विणायचे आणि ही त्यांच्या कामाच्या खोलीत वर्षभर फतकल मारून बसली होती. निवेदन नाही, संगीत नाही आणि माणसांचं बोलणं तर अजिबात नाही. हात सांगतात ते तोंड बिघडवतं, हे तिचं तत्त्व. बरं, तत्त्व तरी किती कडक! बाबा मध्येच काही बोलले की तो तुकडा ती त्याच दिवशी पुसून टाकायची. ठेवला तर वापरायचा मोह होतो म्हणे. डोंबलाचा मोह!

बाबा गेल्या महिन्यात गेले. मला रडू आलं नाही, अजूनही येत नाही. भांडी घासते, ऑफिसला जाते, जेवते. कुणी विचारलं तर "ठीक आहे" म्हणते. खरं तर काहीच वाटत नाही.

काल आई धाकटीच्या टेबलापाशी येऊन बसली. म्हणाली, "एकदा त्यांचा आवाज ऐकव गं. मला आठवेनासा झालाय."

दुसरीकडे कुठे असणार तो? फोन आला की बाबा आईच्या हातात देऊन मोकळे. धाकटीने एकेक फाइल उघडली. बाबांची बोटं. भिजवलेला वेत. कात्री. पुन्हा बोटं. सगळं सुंदर होतं, खोटं कशाला बोलू? बाबा मात्र सगळीकडे मुके.

"नीट शोध ना."

"आई, नाहीये."

धाकटीला एक ठेवून द्यावी असं मला वाटलं. पण तेवढाही जोर माझ्या हातात नव्हता.

शेवटी तिने नुसत्या आवाजाची एक फाइल लावली. शूटिंग संपलं की ती खोलीची मिनिटभर शांतता रेकॉर्ड करते. तुकडे जोडताना मधल्या फटी भरायला ती लागते, म्हणून तेवढी कधी पुसत नाही. तेवढा वेळ सगळ्यांनी गप्प उभं राहायचं.

पंखा. लांबचा हॉर्न. आणि एक श्वास, नाकात बारीक शिट्टी वाजणारा.

"हेच ते!" आई पुढे सरकली. कुणीतरी घसा खाकरला. "थांबा, आता बोलतील. खाकरले की बोलतातच."

आम्ही तिघी वाकून ऐकत राहिलो.

"अगं, तुझ्या आईला..."

"श्शू, बाबा!" हा धाकटीचा आवाज. मग शेवटपर्यंत नुसता पंखा.

आईने विचारलं, "आईला काय?"

"नंतर विचारलं मी," धाकटी म्हणाली. "विसरलो म्हणाले."

आणि ती रडायला लागली. मी तिच्या पाठीवर हात ठेवला, ठेवायचा असतो म्हणून.

आई रडली नाही. पडद्याकडे बोट करून म्हणाली, "तेवढंच परत लाव. तुझं श्शू यायच्या आधी थांबव."