ढगाची कड सांगणारी काळी काच

मी एक जुनी काळी काच आहे, मित्रांनो. आकाराने बिस्किटाएवढी, पितळी कडीची, गळ्यात दोरीने लटकणारी. ज्युरा डोंगरात चष्मे करणाऱ्या एका कारखान्यात मी घडले, पण माझं आयुष्य गेलं ते सिनेमाचे छायालेखक गिल्दास केर्वेला यांच्या छातीवर. उघड्यावर चित्रीकरण असलं की सगळे सूर्याच्या मर्जीवर. ढगाची कड माझ्यातून पाहून ऊन कधी येईल, हे गिल्दास सांगायचे.

माझा एक नियम आहे. क्षणभर डोळ्याला लावायचं आणि खाली घ्यायचं. जास्त वेळ पाहिलं की डोळा अंधाराला सरावतो आणि खोटं बोलू लागतो.

तीस वर्षं गिल्दासनी हा नियम पाळला. "वीस सेकंद," ते म्हणायचे, आणि विसाव्या सेकंदाला गव्हाच्या शेतावर ऊन उतरायचं. मी फुशारून जायचे, जणू ते मीच धाडलं.

पुढे ते मला डोळ्याला लावून ठेवू लागले. त्यांच्या नजरेच्या मधोमध एक करडा डाग धरला होता आणि त्यावर औषध नव्हतं. त्यांनी तो लपवला. छायालेखकाची नजर गेली म्हटलं की उरतं काय?

ब्रिटनीच्या समुद्रकिनाऱ्यावर शेवटचं दृश्य होतं. ओहोटीने उघड्या पडलेल्या ओल्या वाळूवरून वयस्क नायिका उन्हात चालत जाणार होती. भरतीचं पाणी चढू लागलं होतं आणि नायिका त्याच दिवशी गावी निघणार होती. सगळे हातातला पाव तसाच धरून उन्हाची वाट बघत उभे होते.

"काय म्हणतोय तुमचा सूर्य?" दिग्दर्शक रेमों यांनी विचारलं.

"ढग आहे. थांबा."

सगळे त्यांच्या शब्दावर थांबले. ऊन आलं, पाठी तापल्या, आणि ऊन गेलंही. मी अजून त्यांच्या डोळ्यालाच होते.

बारा वर्षं त्यांच्या हाताखाली काम केलेली सहायक सोलांज जवळ आली. "गिल्दास, येऊन गेलं ते," ती हळूच म्हणाली.

"कळलं मला. गालाला लागलं. दिसलं मात्र नाही."

त्यांनी दोरी आपल्या गळ्यातून काढून तिच्या गळ्यात घातली. "तू बघ. क्षणभरच हं. ही बया लाडावली की थापा मारते."

मला फार लागलं ते. सोलांजने पाहिलं. "पंधरा सेकंद."

रेमों गिल्दासकडे बघू लागले.

"माझ्याकडे काय बघताय? ती सांगतेय ना? कॅमेरा सुरू करा."

ऊन आलं. ओली वाळू उजळली आणि ती बाई जणू आभाळावरून चालत गेली. पाणी सगळ्यांच्या बुटांना लागलं, तरी कोणी हललं नाही.

त्यानंतर गिल्दासनी काम केलं नाही. मी सोलांजकडे आहे. कधी कात्रीशेजारी खणात पडते, ओरखडे पडतात, मग ती हळहळून मऊ सुती कापडाने पुसते.

गेल्या शरदात ती त्यांना त्याच किनाऱ्यावर घेऊन गेली. ते घडीच्या खुर्चीवर डोळे मिटून, तोंड वर करून बसले. तिने मला उचललं. "दहा सेकं–"

"आठ," ते डोळे न उघडताच म्हणाले.

तिने मला खाली घेतलं. आठव्या सेकंदाला त्यांच्या चेहऱ्यावर ऊन पडलं. मी नुसती लटकत होते, आणि मला त्याचं जराही वाईट वाटलं नाही.

मित्रांनो, मला जपा, पुसा, पण डोळ्याला धरून बसू नका. आणि दिसेनासं झालं तर शेजारच्याला वेळेवर सांगा. ऊन गालालाही कळतं.